मुंबईला टपाल-तारेचं घर हवं

योकोहामात निहोन-ओदोरी नावाचा रुंद रस्ता आहे. त्या रस्त्यावर, स्टेशनाच्या तोंडाशीच, तपकिरी फरशांची एक जुनी चार मजली इमारत उभी आहे. १९२९ साली ती टेलिफोन एक्सचेंज म्हणून बांधली गेली. पुढे तिथून बाहेरगावचे कॉल जोडले जात, म्हणजे आपल्या भाषेत ते ट्रंक एक्सचेंज. यंत्रं बदलली, एक्सचेंजचं काम संपलं, पण शहराने इमारत पाडली नाही. २००३ सालापासून तिथे दोन संग्रहालयं आहेत. एकात योकोहामा शहर कसं वाढलं ते दाखवलं आहे, दुसऱ्यात पुरातत्त्वज्ञ एगामी नामिओ यांचा युरेशियातल्या संस्कृतींचा संग्रह आहे.

मी मराठवाड्यातल्या एका जिल्ह्याच्या गावी ट्रंक बोर्डावर नोकरी केली आणि तिथूनच निवृत्त झाले. मुलगा योकोहामाच्या मिदोरी वॉर्डात राहतो. त्या भागात भारतीय मुलांची शाळा असल्यामुळे आपली बरीच कुटुंबं आहेत. इथे आले की मी निहोन-ओदोरीला जातेच. जपानी वाचायचं काम नातीचं, बाकीचं माझं मला कळतं. ट्रंक एक्सचेंज ही गोष्ट जपून ठेवण्याच्या लायकीची आहे असं एखाद्या शहराला वाटावं, याचं मला फार अप्रूप आहे.

ज्यांनी ट्रंक कॉल पाहिला नाही त्यांच्यासाठी थोडं सांगते. गिऱ्हाईक आधी कॉल बुक करायचं. आम्ही तिकिटावर नंबर, वेळ आणि प्रकार लिहायचो: ऑर्डिनरी, अर्जंट, लाइटनिंग. अमुक माणसाशीच बोलायचं असेल तर पीपी. मग कॉर्ड उचलून ट्रंकच्या जॅकमध्ये घालायची, पलीकडच्या गावच्या ऑपरेटरला हाक मारायची, आणि तिने तिच्या बोर्डावरून पुढे जोडायचं. मुंबईहून उमरग्याला जाणारा कॉल वाटेत दोन-तीन जणींच्या हातांतून जायचा. तीन मिनिटं झाली की मध्ये पडून विचारायचं, वाढवायचा का? पलीकडच्या ऑपरेटरचं तोंड आम्ही कधी पाहिलेलं नसायचं, पण तिला सर्दी झाली आहे हे पहिल्या ‘हॅलो’ला कळायचं.

हे काम जगातून गेलं. ते कसं चालायचं हे सांगू शकणारी माणसं अजून आहेत. माझं म्हणणं एवढंच आहे की टपाल, तार आणि टेलिफोन या तिघांचं मिळून एक संग्रहालय मुंबईत व्हावं, आणि त्यात यंत्रांच्याही आधी माणसांचे आवाज जमा करावेत. हे काम आणखी दहा वर्षांनी करू म्हटलं तर जमणार नाही.

आता योकोहामाकडे बघून हे का सुचलं ते सांगते.

निहोन-ओदोरीच्या समुद्राकडच्या टोकाला योकोहामा बंदराच्या इतिहासाचं दफ्तरखाना-संग्रहालय आहे, जुन्या ब्रिटिश वकिलातीच्या इमारतीत. अंगणात तामाकुसु नावाचं झाड आहे. १८५४ साली अमेरिकेचा कमोडोर पेरी आपली जहाजं घेऊन इथे आला, आणि याच झाडाच्या आसपास जपानशी करार झाला असं सांगतात. पेरीने शोगुनसाठी आणलेल्या भेटींमध्ये एक छोटी आगगाडी होती आणि मोर्सचं तारयंत्र होतं. त्या वर्षीच्या मार्च महिन्यात योकोहामाच्या किनाऱ्यावर साधारण मैलभर तार ओढून अमेरिकनांनी जपानी अधिकाऱ्यांना निरोप पाठवून दाखवला. ते यंत्र आज जपानची राष्ट्रीय ठेव मानलं जातं आणि टोकियोच्या टपाल संग्रहालयात आहे.

नेमका तोच महिना, मार्च १८५४. भारतात कंपनी सरकारच्या ओ’शॉनेसी या अधिकाऱ्याने कलकत्त्यापासून आग्र्यापर्यंत, म्हणजे सुमारे आठशे मैल, तार पुरी केली होती आणि तिच्यावरून पहिला निरोप गेला होता. मुंबईकडच्या तारेचं कामही तेव्हा चालूच होतं. जपानात जी वस्तू नजराणा म्हणून आली, ती आपल्याकडे राज्य करण्याचं हत्यार म्हणून आली. तीनच वर्षांनी, १८५७ मध्ये, बंडवाल्यांनी जागोजागी तारा तोडल्या, कारण ही तार कोणासाठी ओढली आहे हे त्यांना पक्कं ठाऊक होतं. कुठल्याही शाळेत मुलांना सन १८५४ शिकवायचं असेल तर मी ही दोन चित्रं शेजारी शेजारी ठेवीन.

जपानने पुढे काय केलं ते पाहण्यासारखं आहे. जॉर्ज गिल्बर्ट नावाच्या इंग्रज इंजिनिअरला बोलावून त्यांनी योकोहामा ते टोकियो अशी सुमारे ३२ किलोमीटरची तार टाकली. २६ जानेवारी १८७० ला ती लोकांसाठी खुली झाली. ती तार जिथून सुरू झाली त्या जागेची खूण म्हणून निहोन-ओदोरीवर दगड बसवलेला आहे. सुरुवातीची यंत्रं फ्रेंच घडणीची होती, घड्याळासारख्या तबकडीची. त्या तबकडीवर जपान्यांनी पहिल्यापासून आपली काना अक्षरं लावली. पुढे मोर्स आला तेव्हा कानासाठी वेगळी मोर्स लिपी केली. आपल्याकडे तारेला देवनागरी येण्यासाठी स्वातंत्र्य यावं लागलं. त्याआधी तार म्हणजे इंग्रजी. म्हणून खेड्यात तार आली की ती वाचायला मास्तरांना नाहीतर पाटलांना शोधावं लागायचं, आणि मजकूर कळायच्या आधीच घरात रडारड सुरू व्हायची. तारेची भीती तिच्यातल्या बातमीइतकीच तिच्या भाषेचीही होती.

टपालही जपानने असंच आपलंसं करून घेतलं. बंदर खुलं झाल्यावर योकोहामात इंग्रजांचं, फ्रेंचांचं आणि अमेरिकनांचं अशी तीन परकी टपालघरं बसली. योकोहामाहून परदेशी जाणाऱ्या पत्रांवर हाँगकाँगची, फ्रान्सची, अमेरिकेची तिकिटं लागत. जपानच्या भूमीवरून निघालेल्या पत्रावर जपानचा शिक्का नाही. माएजिमा हिसोका यांनी १८७१ मध्ये सरकारी टपाल सुरू केलं आणि मग ही परकी टपालघरं घालवण्याच्या मागे लागले. अमेरिकेशी टपाल करार झाला, १८७५ च्या जानेवारीत योकोहामाच्या टपालघरातून जपानची स्वतःची परदेशी टपालसेवा सुरू झाली. अमेरिकनांनी गाशा गुंडाळला, १८७९ अखेर इंग्रजांनी, आणि १८८० मध्ये फ्रेंचांनी. युद्ध न करता जपानने आपल्या अधिकाराचा एवढा तुकडा परत मिळवला, तोही टपालाच्या शिक्क्याने. गोव्यातल्या वाचकांना हे सांगायला नको. १९६१ पर्यंत तिथल्या पत्रांवर पोर्तुगीज राजवटीची तिकिटं होती आणि ती बदलली तो दिवस अनेकांच्या आठवणीत आहे.

योकोहामाहून निघालेल्या एका पत्राचा आपल्याशीही जवळचा संबंध येतो. स्वामी विवेकानंदांनी १० जुलै १८९३ ला इथल्या ओरिएंटल हॉटेलातून मद्रासच्या मित्रांना पत्र लिहिलं. जपानची स्वच्छता, त्यांची धडाडी, आणि आपल्या तरुणांनी येऊन हे पाहावं अशी तळमळ त्या पत्रात आहे. चारच दिवसांनी ते ‘एम्प्रेस ऑफ इंडिया’ या टपालजहाजाने व्हँकुव्हरला निघाले. त्याच जहाजावर जमशेटजी टाटा होते. दोघांची भेट झाली हे आपण आज खात्रीने सांगतो, ते कशाच्या जोरावर? जमशेटजींनी २३ नोव्हेंबर १८९८ ला मुंबईच्या एस्प्लनेड हाउसमधून विवेकानंदांना लिहिलेल्या पत्रात त्या प्रवासाची आठवण काढली आहे आणि आपल्या नियोजित संशोधन संस्थेबद्दल लिहिलं आहे. ते पत्र टिकलं. बंगळूरच्या विज्ञान संस्थेच्या जन्मकथेतला एक मोठा पुरावा म्हणजे पोस्टमनने पोचवलेला एक कागद आहे.

पण मला सगळ्यात जास्त वेळ थांबावंसं वाटतं ते १९२३ सालाजवळ.

१ सप्टेंबर १९२३, दुपारचे बारा वाजायला दोन मिनिटं कमी. कान्तोच्या भूकंपाने योकोहामा जवळजवळ नाहीसं झालं. आधी पडझड, मग आग. या एका शहरात पंचवीस हजारांहून जास्त माणसं गेली. तारघर, टपालघर, टेलिफोन, काहीही शिल्लक राहिलं नाही. एवढं मोठं शहर जळतंय हे बाहेर कोणाला कळवायचं कसं? बंदरात ‘कोरेया मारू’ नावाचं जहाज होतं. तिथल्या पोलीसप्रमुखाने जहाज गाठलं आणि जहाजाच्या बिनतारी यंत्रावरून मदतीची हाक पाठवली. दूर उत्तरेला इवाकीच्या बिनतारी केंद्रावर ती पोचली. तिथले केंद्रप्रमुख योनेमुरा यांनी ती इंग्रजीतून पॅसिफिकपलीकडे पाठवली, आणि पुढे रात्रंदिवस पाठवत राहिले. जगाला योकोहामाची बातमी कळली ती एका जहाजावरच्या आणि एका केंद्रावरच्या मूठभर माणसांमुळे.

निहोन-ओदोरीवरची ती १९२९ ची इमारत या राखेवर उभी राहिलेली आहे. भूकंपानंतरच टोकियो आणि योकोहामात आपोआप जोडणारी यंत्रं आली. यामाशिता बागेखाली भूकंपाचा ढिगारा भरलेला आहे, आणि त्या बागेत भारतीय व्यापाऱ्यांनी १९३९ मध्ये बांधून दिलेला पाण्याचा मनोरा आहे. भूकंपात गेलेल्या आपल्या माणसांच्या आठवणीसाठी आणि संकटात आसरा देणाऱ्या शहराच्या उपकारासाठी तो बांधला. घुमटाखाली उभं राहिलं की वर पाहावंसं वाटतं, इतकं आतलं काम देखणं आहे.

मी १९२३ जवळ थांबते याचं कारण १९९३ आहे. २९ सप्टेंबरच्या रात्री गणपती बोळवून लोक झोपले होते आणि ३० तारखेला पहाटे ३ वाजून ५६ मिनिटांनी किल्लारीची जमीन हलली. आमच्या गावीही भांडी पडली, माणसं अंगणात आली. मी ड्यूटीची वेळ व्हायच्या आत एक्सचेंजला पोचले, तशा बाकीच्याही पोचल्या. कोणी बोलावलं नव्हतं. थेट नंबर फिरवायची एसटीडी तोपर्यंत आली होती, पण त्या सकाळी ती लागत नव्हती, म्हणून लोक पुन्हा बोर्डाकडे वळले. सगळे दिवे एकदम लागलेले. पुणे, मुंबई, सोलापूर, हैदराबाद. प्रत्येकाच्या तोंडी गावाचं नाव: किल्लारी, सास्तूर, औशाकडची गावं, उमरग्याकडची गावं. काही लाइनी मेल्या होत्या. काही ठिकाणी घंटा जायची आणि कोणी उचलायचं नाही, आणि ते त्याहून वाईट होतं. एक बाप मुंबईहून सारखं म्हणत होता, बाई, पोस्टातला फोन नुसता वाजतोय का तेवढं सांगा, वाजत असला तर पोस्ट उभं आहे. मी वाजवत राहिले.

सात हजारांहून जास्त माणसं त्या भूकंपात गेली. मदतकार्याची कागदपत्रं आहेत, फोटो आहेत, पुनर्वसनावर पुस्तकं आहेत. त्या सकाळी लाइनी जोडणाऱ्या बायकांनी, तुटलेली तार शोधत भिजल्या चिखलातून गेलेल्या लाइनमननी, पडक्या पोस्टांतून टपालाच्या थैल्या काढणाऱ्या पोस्टमननी काय पाहिलं हे कुठे नोंदलेलं मी तरी वाचलेलं नाही. माझ्या बरोबरीच्या काही जणी आता नाहीत. त्यांच्याकडचं त्यांच्याबरोबर गेलं.

जपानचं सगळंच मला पटतं असं नाही. टोकियोत ओतेमाचीला पूर्वी टपाल, टेलिफोन आणि रेडिओ यांचं एकत्र मोठं संग्रहालय होतं. त्याची सुरुवात १९०२ सालची, जपान जागतिक टपाल संघात गेल्याला २५ वर्षं झाली त्या निमित्ताची. ते २०१३ च्या ऑगस्टअखेर बंद झालं. टपालाचा भाग आता स्कायट्री मनोऱ्याच्या पायथ्याशी नवव्या मजल्यावर आहे. देखणा आहे, जगभरची तीन लाखांहून अधिक तिकिटं तिथे आहेत, पेरीचं यंत्रही आहे. टेलिफोनची यंत्रं पाहायची तर मुसाशिनोला टेलिफोन कंपनीच्या संग्रहालयात जायचं, आणि तेही ठरावीक दिवशीच उघडं असतं. एका कहाणीचे दोन तुकडे झाले. एका ठिकाणी तिकिटं, दुसऱ्या ठिकाणी बोर्ड. दोन्हींच्या मधली माणसं कुठेच नाहीत. पेरीचं तारयंत्र टपालाच्या वाट्याला आलं म्हणून वाचलं, एवढंच.

आणि हा दोष आपल्यासाठी जास्त मोठा ठरेल, कारण आपल्याकडे तर तिन्ही कामं एकाच खिडकीत होती. १९८५ पर्यंत खातंही एकच, पोस्ट अँड टेलिग्राफ. खेड्यातला पोस्टमास्तर पत्रं वाटायला द्यायचा, मनिऑर्डरीचे पैसे मोजायचा, बचतीच्या पुस्तकात आकडे लिहायचा, मोर्सची किल्ली कडकडवायचा, आणि पीसीओचा फोनही सांभाळायचा. त्याला तीन संग्रहालयांत कापून कसं ठेवणार?

महाराष्ट्राकडे दाखवायला किती आहे याचा आपण कधी हिशोबच केलेला नाही. आशियातलं पहिलं चिकटवायचं टपालतिकीट, सिंध डाक, १ जुलै १८५२ ला निघालं, तेव्हा सिंध मुंबई इलाख्यात होता, आणि ते काढणारे बार्टल फ्रिअर पुढे मुंबईचे गव्हर्नर झाले. १८७० मध्ये मुंबईहून समुद्राखालून एडन-सुएझकडे केबल गेली आणि लंडनची बातमी मुंबईला त्याच दिवशी कळू लागली. पुढच्याच वर्षी केबल नागासाकीला पोचली, म्हणजे मुंबई आणि जपान एकाच तारेच्या माळेत आले. १९२७ मध्ये इंग्लंडशी बिनतारी संपर्क सुरू झाला तेव्हा निरोप खडकीहून सुटत आणि दौंडला उतरत. दौंड म्हटलं की आपल्याला फक्त रेल्वेचं जंक्शन आठवतं. जुन्नर तालुक्यात नारायणगावाजवळ आर्वीला १९७१ मध्ये उपग्रहाचं भूकेंद्र उभं राहिलं, विक्रम साराभाईंच्या नावाचं, सुमारे तीस मीटर व्यासाची तबकडी असलेलं. द्राक्षांच्या आणि टोमॅटोच्या शेतांमधून आवाज थेट अवकाशात जायचा. शाळेच्या सहली शिवनेरीला जातात, तिथून आर्वी काही लांब नाही.

माणसं तर विचारूच नका. आनंदीबाई जोशींचे पती गोपाळराव टपाल खात्यात कारकून होते. कल्याण, अलिबाग, कोल्हापूर, कलकत्ता अशा त्यांच्या बदल्या होत राहिल्या, आणि आनंदीबाईंचं शिक्षण त्या बदल्यांबरोबर फिरत राहिलं. अमेरिकेतल्या कार्पेंटर बाईंशी त्यांचं नातं जुळलं तेही पत्रांतूनच. पिनकोड देशाला दिला श्रीराम भिकाजी वेलणकरांनी, १५ ऑगस्ट १९७२ ला. हे गृहस्थ टपाल खात्यातले बडे अधिकारी आणि त्याच वेळी संस्कृत कवी होते. एका नावाची दहा गावं, दहा भाषांत लिहिलेले पत्ते, अर्धवट लिपी, यातून पत्र योग्य गावी जावं म्हणून त्यांनी सहा आकड्यांची रीत बसवली. देशाचे आठ भाग पाडले आणि सैन्यासाठी नववा ठेवला. महाराष्ट्राच्या वाट्याला चारचा आकडा आला. जपानने त्याआधी चार वर्षं, १९६८ मध्ये, आपले टपाल क्रमांक सुरू केले होते. इथे योकोहामात कोणाला वेलणकर ठाऊक नसणार, त्यात काही नवल नाही. पण रोज पिनकोड टाकून वस्तू मागवणाऱ्या पुण्या-मुंबईच्या मुलांना ते नाव माहीत नसावं, याचं मला मनापासून वाईट वाटतं.

मनिऑर्डर हा तर महाराष्ट्राचा वेगळा इतिहासच आहे. १८८० मध्ये टपाल खात्याने ती सुरू केली आणि मुंबईच्या गिरण्यांतला पगार रत्नागिरी, सातारा, कोल्हापूरच्या चुलींपर्यंत पोचू लागला. कोकणातल्या कितीतरी घरांचं वर्ष पावसाळ्याइतकंच पोस्टमनच्या येण्यावर चालायचं. फॉर्मच्या खालच्या तुकड्यावर दोन ओळी लिहायला जागा असायची. त्या दोन ओळींत नवऱ्याने बायकोला काय लिहिलं, आणि अंगठा उठवून पैसे घेणाऱ्या बायकोला पोस्टमनने ते कसं वाचून दाखवलं, याचा अभ्यास व्हायला हवा. असे तुकडे अजून कोणाच्या तरी ट्रंकेत, गाठोड्यात असतील. कोणी मागितले तर लोक देतील.

१९४६ च्या जुलैत पोस्टमननी केलेला संपही त्या संग्रहालयात असायला हवा. ११ जुलैला तो सुरू झाला, देशभर पसरला, आणि सत्ता जाण्याची वेळ आल्याचं ज्या घटनांनी इंग्रजांना कळलं त्यांत तो होता. पत्र पोचवणारा माणूस थांबला की राज्य थांबतं हे त्या महिन्याने दाखवून दिलं.

लोक म्हणतील, आता प्रत्येकाच्या खिशात फोन आहे, या जुन्या वस्तूंवर पैसा कशाला घालवायचा. इथेही बदल वेगाने होतो आहे. जपानात नववर्षाची पोस्टकार्डं पाठवायची मोठी रीत होती. २००४ सालासाठी टपाल खात्याने ४०० कोटींहून जास्त कार्डं छापली होती, आता तो आकडा त्याच्या जवळपासही नाही. २०२४ च्या ऑक्टोबरात कार्डाचं टपाल ६३ येनांवरून ८५ येन झालं. मुलाच्या शेजारच्या आजी यंदा शेवटची कार्डं पाठवते आहे असं त्यांच्या सगळ्या परिचितांना कार्डानेच कळवून मोकळ्या झाल्या. आपल्याकडे १५ जुलै २०१३ ला तार बंद झाली. ओतेमाचीच्या संग्रहालयाला कुलूप लागलं त्याच्या दीड महिना आधी. शेवटच्या दिवशी तारघरांत रांगा लागल्या, वर्तमानपत्रांत फोटो आले, आणि विषय मिटला. मोर्स कानाने घेणारे तारबाबू आज सत्तरी-ऐंशीच्या पुढे आहेत. किल्लीच्या ‘कट्ट’ आणि ‘कडकट्ट’ मधून थेट शब्द लिहून काढणारा कान पुन्हा घडवता येणार नाही. म्हणून पैशांचा प्रश्न मला दुय्यम वाटतो. वस्तू उशिराही विकत घेता येते.

जागेची अडचण आहे असंही मला वाटत नाही. मुंबईत हुतात्मा चौकाजवळची सेंट्रल टेलिग्राफ ऑफिसची दगडी इमारत मुळात टपालासाठी बांधलेली. १९१३ मध्ये बोरीबंदरशेजारी जॉन बेगने आखलेलं, विजापूरच्या गोलघुमटाची आठवण देणारं जीपीओ उभं राहिलं आणि जुन्या वास्तूत तार नांदली. म्हणजे टपाल आणि तार या दोघांचाही संसार तिथे झाला आहे. या दोन वास्तूंपैकी एखादी, किंवा दोन्हींतला एकेक मजला, एवढं पुरे आहे. दिल्लीला डाक भवनात राष्ट्रीय तिकीट संग्रहालय आहे आणि ते चांगलं आहे, पण तिकिटं म्हणजे टपाल नव्हे. मुंबईच्या संग्रहालयात एक चालू बोर्ड हवा, मुलांनी स्वतः कॉर्ड लावून शेजारच्या खोलीतल्या मैत्रिणीला जोडून द्यावं असा. मोर्सची किल्ली आणि साउंडर हवा. रेल्वेच्या टपाल डब्यातली खणांची मांडणी हवी, चालत्या गाडीत उभ्याने पत्रं लावणारी माणसं कशी काम करायची ते कळावं म्हणून. देवनागरी तार हवी. महाराष्ट्राच्या नकाशावर खडकी, दौंड, आर्वी हवेत.

यंत्रं जमेपर्यंत थांबायचं कारण नाही. टपाल आणि टेलिफोनच्या निवृत्तांच्या संघटना जिल्ह्याजिल्ह्यांत आहेत, त्यांच्या बैठका होतात, सभासदांच्या याद्या तयार आहेत. विद्यापीठांच्या इतिहास आणि पत्रकारिता विभागांतल्या मुलांना फोन घेऊन त्यांच्याकडे पाठवा. प्रश्न साधे असावेत. पहिल्या दिवशी काय शिकवलं? रात्रपाळीला कोण असायचं? सगळ्यात वाईट तार कोणती हातात आली? पानशेतच्या पुराच्या वेळी, कोयनेच्या भूकंपाच्या वेळी, किल्लारीच्या वेळी तुम्ही कुठे होतात? उत्तरं जिल्ह्याच्या बोलीतच राहू द्यावीत, शुद्ध करू नयेत. माझं नाव यादीत पहिलं घाला, मी सांगायला तयार आहे.

मुंबई आणि योकोहामा १९६५ पासून भगिनी शहरं आहेत. साठ वर्षांत शिष्टमंडळं आली-गेली, हार-तुरे झाले. आता दोन्ही महापालिकांनी मिळून एक प्रदर्शन करावं, आधी निहोन-ओदोरीच्या त्या टेलिफोन इमारतीत आणि मग मुंबईत. सुरुवात १८५४ च्या मार्चपासून करावी, कलकत्ता-आग्र्याची तार एका भिंतीवर आणि पेरीची समोरच्या भिंतीवर. १९२३ आणि १९९३ यांना एकच दालन द्यावं, आणि त्यात दोन्हीकडच्या ऑपरेटर, लाइनमन आणि पोस्टमन यांची जेवढी नावं सापडतील तेवढी जपानीत आणि मराठीत लावावीत.